भाडं थकलंय, पण कुलूप बदलू नका

पत्र

मी निवृत्त शिक्षिका आहे. यजमान गेल्यानंतर त्यांनी घेऊन ठेवलेला वन-बीएचके फ्लॅट मी भाड्याने दिला. अकरा महिन्यांचा, नोंदणी केलेला लिव्ह अँड लायसन्स करार होता. भाडं महिना १४,००० रुपये, डिपॉझिट ५०,०००. पहिले सात महिने पैसे वेळेवर आले. मग भाडेकरूची नोकरी गेली. करारातले शेवटचे चार महिने काहीच आलं नाही, आणि करार संपूनही आता दोन महिने झाले, तरी ते तिथेच आहेत. विचारलं की, "काकू, पुढच्या महिन्यात नक्की." आता त्यांचं म्हणणं असं, की बाथरूमचं लीकेज त्यांनी १८,००० रुपये खर्च करून काढून घेतलं, ते वळते करा आणि नवीन करार करा, म्हणजे थकलेलं हप्त्याने देऊ. माझा मुलगा चिडला आहे. ते बाहेर गेले की कुलूप बदलू, म्हणतो. सोसायटीचे सेक्रेटरी म्हणतात, "सांगा फक्त, पाणी बंद करतो." त्यांचा मुलगा आठवीत आहे, परीक्षा दीड महिन्यावर आली आहे, म्हणून मला धीर होत नाही. पण माझं पेन्शन तुटपुंजं आहे, औषधपाणी या भाड्यावरच चालतं. मी काय करावं?
— एक घरमालकीण

ताई,

सर्वांत आधी मुलाला सांगा, कुलपाला हात लावायचा नाही. आणि सेक्रेटरींना आजच फोन करून सांगा, की पाण्याचा वॉल्व्ह कोणीही बंद करायचा नाही, तुमच्या नावाने तर नाहीच. बाकीचं पत्र सावकाश वाचलंत तरी चालेल, पण या दोन गोष्टी आज करा.

आज कायद्याने तुमची बाजू भक्कम आहे. करार लेखी आहे, नोंदलेला आहे, त्याची मुदत संपली आहे. कुलूप बदललंत की फिर्यादी ते होतात आणि आरोपी तुम्ही. घर तुमच्या मालकीचं असलं तरी आत राहणाऱ्या माणसाला कायद्याच्या मार्गानेच बाहेर काढता येतं, त्याचा तिथे राहण्याचा हक्क संपला असला तरीसुद्धा. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये हे स्पष्ट शब्दांत सांगितलं, आणि तो वादही लायसन्सवर, म्हणजे ठरावीक मुदतीच्या परवानगीवर, दिलेल्या जागेचाच होता. विशिष्ट साहाय्य अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली असा बाहेर काढलेला माणूस सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागू शकतो, आणि त्या दाव्यात मालकी कोणाची हा प्रश्न विचारलाच जात नाही. शिवाय आतलं सामान. कुलूप तोडून घरात शिरल्यावर कपाटातलं काय गेलं आणि काय नव्हतंच, हे तुम्ही कसं सिद्ध करणार? पोलीस चौकीत तुमच्या मुलाच्या नावाने एक कागद झाला, की थकबाकी बाजूला राहील आणि तुम्ही त्या कागदाच्या मागे धावत बसाल.

पाण्याचंही तेच. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम २९ नुसार घरमालकाला योग्य कारणाशिवाय पाणी, वीज, जिन्यातले दिवे, लिफ्ट, साफसफाई असल्या आवश्यक सेवा तोडता येत नाहीत. स्वतः नाही आणि दुसऱ्याकरवीही नाही. तोडल्या तर तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. हे कलम भाडेकरूला आहे, लायसन्सवर राहणाऱ्याला ते जसंच्या तसं लागतं का, यावर वकील वाद घालतील. पण तो वाद तुमच्या खर्चाने, तुमच्याविरुद्धच्या तक्रारीत चालेल. एवढी किंमत मोजून हाती काहीच लागणार नाही. विजेचं मीटर तुमच्या नावावर आहे म्हणून कनेक्शन तोडायचा अर्ज देण्याचा विचार कोणी सुचवला, तर तोही याच कारणासाठी सोडून द्या.

आता मुद्द्याकडे येते. तुमच्या पत्रात दोन प्रश्न एकमेकांत गुंतले आहेत: पैसे कसे मिळतील आणि घर कसं मिळेल. भाडं थकलं की घरमालक हे दोन्ही एकाच वेळी मागतात. पैसे निघावेत म्हणून घराची धमकी देतात, आणि घर मागताना पैशांचा हिशेब पुढे करतात. समोरच्याला मग एकच उत्तर सापडतं, "पुढच्या महिन्यात नक्की." तुम्हाला आधी काय हवं, ते ठरवा. माझं मत विचाराल तर घर. का, ते आकड्यांत मांडून दाखवते.

करारातले चार महिने थकले, म्हणजे ५६,००० रुपये. त्यानंतरच्या दोन महिन्यांचे नेहमीच्या दराने २८,०००. एकूण ८४,०००. त्यांचा लीकेजचा खर्च खरा असेल, तर त्यातून १८,००० जातील, राहिले ६६,०००. तुमच्याकडे डिपॉझिट आहे ५०,०००. म्हणजे आज त्यांनी घर मोकळं केलं, तर तुमचे प्रत्यक्ष बुडीत किती? १६,००० रुपये. एका महिन्याच्या भाड्याहून थोडेच जास्त. आणि ते न हलता घरात राहिले, तर दर महिन्याला आणखी १४,००० त्यात पडत जातात. डिपॉझिट तर केव्हाच पुरं पडेनासं झालंय. साडेतीन महिन्यांच्या भाड्याएवढंच होतं ते. तुमचं खरं नुकसान मागच्या थकबाकीपेक्षा पुढच्या महिन्यांत आहे.

लीकेजबद्दल आधी बोलू, कारण तिथे मला त्यांची बाजू थोडी खरी वाटते. त्यांनी तुम्हाला गळतीबद्दल कळवलं होतं का? मेसेज असतील, ते पाहा. तुम्ही "बघते" म्हणून पुढे काही केलं नसेल आणि त्यांनी प्लंबरला बोलावून काम करून घेतलं असेल, तर तो खर्च तुमच्या घराचा आहे. बिल मागा. साहित्याचं, मजुरीचं, असेल ते. बिल पटलं तर पूर्ण वळतं करून द्या, आणि दिलं असं लेखी कळवा. यात दोन फायदे आहेत. एक तर ते न्याय्य आहे. दुसरं, उद्या कोणासमोर बसायची वेळ आली, तर "यांनी माझे पैसे बुडवले" हे त्यांच्या तोंडी असलेलं एकमेव वाक्य निघून जातं. बिल नसेल, आधी कळवलंही नसेल, तर मात्र नुसत्या तोंडी आकड्यावर १८,००० सोडू नका. जाऊन काम बघा, आणि तुम्हाला रास्त वाटेल तेवढं द्या.

नवीन करार मात्र अजिबात करू नका. हे मी ठासून सांगते, कारण तुमच्यासारख्या दयाळू माणसांची इथेच फसगत होते. तुमच्या हातातली सगळी ताकद "मुदत संपली आहे" या तीन शब्दांत आहे. भाडे नियंत्रण कायद्याचं कलम २४ असं सांगतं, की राहण्यासाठी लायसन्सवर घेतलेली जागा मुदत संपताच परत करावी लागते. न केल्यास मालक थेट सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे अशा प्रकरणांसाठी शासनाने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अर्ज करू शकतो. करारात जे लिहिलंय, ते तिथे निर्णायक पुरावा मानलं जातं. समन्स मिळाल्यापासून तीस दिवसांत शपथपत्र देऊन, बचावाला खरोखर कारण आहे हे दाखवलं, तरच समोरच्याला लढता येतं. आदेश झाला की त्यावर अपील नाही, फक्त शासनाकडे पुनरीक्षण अर्ज, म्हणजे आदेश पुन्हा तपासण्याची विनंती. आणि मुदत संपल्यापासून ताबा मिळेपर्यंतच्या काळासाठी ठरलेल्या रकमेच्या दुप्पट दराने भरपाई मागता येते. तुमच्या बाबतीत महिना २८,०००. नवीन करार केलात, तर मुदत पुन्हा सुरू झाली, आणि हे सगळं अकरा महिने पुढे गेलं. हप्त्याने पैसे द्यायचेच असतील, तर त्यासाठी घराचा करार कशाला लागतो? साधं, सही केलेलं कबुलीपत्र पुरे आहे.

याच कारणासाठी, मधल्या काळात त्यांनी काही रक्कम दिली तर ती नाकारू नका, पण "भाडं मिळालं" अशी पावती देऊ नका. बँकेतच घ्या, आणि त्याच दिवशी मेसेज करा, की ही रक्कम करार संपल्यानंतरच्या वापराच्या भरपाईपोटी, माझे सर्व हक्क राखून घेतली आहे, यामुळे करार पुढे वाढलेला नाही. वाक्य रुक्ष वाटेल. "काकू" म्हणणाऱ्या माणसाला असं लिहिताना तुमचा हात अडखळेल, हेही कळतं. तरी लिहा.

सक्षम प्राधिकाऱ्याच्या वाटेची एक मर्यादा आधीच सांगते. तिथे मुख्यतः ताबा आणि मुदतीनंतरची भरपाई यांचा निकाल लागतो. करार चालू असतानाचे जे ५६,००० आहेत, त्यांच्यासाठी साधारणपणे वेगळा दिवाणी दावा लावावा लागतो. जिथे लघुवाद न्यायालय आहे तिथे त्यात, नाहीतर दिवाणी न्यायाधीशांकडे. थकलेल्या भाड्याची मागणी, प्रत्येक महिन्याचं भाडं ज्या दिवशी देय झालं त्या दिवसापासून तीन वर्षांत करावी लागते. त्या मुदतीच्या आत त्यांनी सही करून थकबाकी कबूल केली, तर कबुलीच्या तारखेपासून तीन वर्षं नव्याने मोजली जातात. म्हणून कबुलीपत्र महत्त्वाचं. त्यांचे "पुढच्या महिन्यात नक्की" असे मेसेज असतील, तर एकही पुसू नका; फोन बदलायच्या आधी ते जपून ठेवा.

इथे थोडं थांबून, हेच सदर वाचणाऱ्या इतर घरमालकांसाठी. तुमचा करार फक्त नोटरी केलेला असेल, तर या ताईंइतकी सरळ वाट तुम्हाला नाही. अकरा महिन्यांच्या कराराला नोंदणी लागत नाही, ही समजूत महाराष्ट्रात खरी नाही. भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम ५५ नुसार लिव्ह अँड लायसन्सचा प्रत्येक करार लेखी आणि नोंदलेला असावा लागतो, नोंदणीची जबाबदारी मालकाची आहे, आणि तसा करार नसेल तर अटी काय होत्या याबद्दल भाडेकरू जे म्हणेल ते, उलट सिद्ध होईपर्यंत, धरलं जातं. एजंट "कशाला खर्च करता" म्हणेल, त्याचं ऐकू नका. आणि ज्यांच्याकडे जुने, म्हणजे लायसन्सवर नसलेले आणि भाडे नियंत्रण कायद्याचं संरक्षण असलेले भाडेकरू आहेत, त्यांचा रस्ता पूर्ण वेगळा. तिथे थकबाकीची लेखी नोटीस दिल्यावर नव्वद दिवस थांबल्याशिवाय दावाच लावता येत नाही, आणि समन्स मिळाल्यापासून नव्वद दिवसांत भाडेकरूने थकलेली रक्कम दरसाल १५ टक्के सरळ व्याजाने कोर्टात भरली, पुढेही नियमित भरत राहिला आणि दाव्याचा खर्च दिला, तर थकबाकीच्या कारणावरून त्याला काढता येत नाही. या ताईंना मी जे सांगते आहे ते तुमच्या घराला लागू होईलच असं समजू नका. दुकान-गाळ्यांनाही कलम २४ ची ही वाट नाही. ते फक्त राहण्याच्या जागेसाठी आहे.

तर ताई, आता तुम्ही काय करायचं.

आधी त्या नवरा-बायकोशी एकदा समोरासमोर बसून बोला. मुलाला नेऊ नका. तो रागात आहे, आणि घरात बाई एकटी असताना तो जाऊन ओरडला तर त्याचे अर्थ वेगळे निघतील. सोबत कोणी शांत, वयाने मोठं माणूस न्या. वर मी केलेला हिशेब एका कागदावर लिहून न्या, आणि त्यांना सांगा की परीक्षा संपल्यानंतरच्या रविवारी घर मोकळं करायचं. तोपर्यंतचं दीड महिन्याचं भाडं, म्हणजे २१,०००, त्या त्या महिन्यात बँकेत भरायचं. मागची थकबाकी डिपॉझिटमधून वळती होईल, लीकेजचा खर्च मी दिला, आणि उरलेले १६,००० ठरलेल्या तारखेला किल्ल्या दिल्यात तर मी सोडून देईन. तारीख चुकली, तर ते सोळा हजारही माझे आणि दुप्पट भरपाईही.

सोळा हजार सोडायचे, हे वाचून तुमच्या मुलाला राग येईल. त्याला विचारा, त्या रकमेसाठी तू किती तारखांना माझ्याबरोबर येशील? कोर्टाचा हुकूमनामा मिळाला तरी नोकरी गेलेल्या माणसाकडून वसूल काय होणार? तुमच्या औषधांचा खर्च पुढच्या, पैसे देणाऱ्या भाडेकरूकडून येणार आहे, आणि तो भाडेकरू यायला घर रिकामं हवं.

परीक्षेपर्यंतची मुदत द्या, असं मी म्हणते ते भाबडेपणाने नाही. आठवीतल्या पोराला मार्च महिन्यात घर बदलायला लावणं तुम्हाला पेलणार नाही, हे तुमच्या पत्रातच दिसतंय, आणि जी गोष्ट आपल्याला पेलणार नाही तिची धमकी देऊ नये. समोरच्याला ती पोकळ आहे हे लगेच कळतं. पण मुदतीला चालू भाड्याची अट जोडलेली ठेवा. पहिल्याच महिन्यात ते आलं नाही, तर परीक्षेची वाट न पाहता अर्ज दाखल करा. अर्ज दाखल झाला म्हणून दुसऱ्या दिवशी कोणी रस्त्यावर येत नाही. समन्स, तीस दिवस, सुनावणी, यात मुलाची परीक्षा आरामात पार पडेल. तो अपराधीपणा मनात ठेवू नका.

ते कबूल झाले, तर कागद नीट करा. घर सोडण्याची तारीख, कोणत्या महिन्याचे किती, डिपॉझिटमधून काय वळतं झालं, वीजबिल आणि मेंटेनन्स कोणाकडे, आणि दोघांच्याही सह्या. नवऱ्याची आणि बायकोची, दोघांची. शेवटच्या दिवशी किल्ल्या हातात आल्यावर ताबा पावती करा, मीटरचा फोटो काढा, खोल्यांचे फोटो काढा. शक्य असेल तर हा समझोता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे दावापूर्व प्रकरण म्हणून लोकअदालतीत ठेवा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ नुसार लोकअदालतीच्या निवाड्याला दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याचा दर्जा असतो आणि त्यावर अपील होत नाही. उद्या त्यांनी शब्द फिरवला तर तुमच्या हातात नुसतं कबुलीपत्र नसेल. आणि तुमच्यासाठी महत्त्वाचं म्हणजे, याच कायद्याच्या कलम १२ नुसार स्त्रीला उत्पन्नाची अट न घालता मोफत वकील मिळतो. पेन्शन किती, फ्लॅट किती, हे तिथे कोणी विचारणार नाही. १५१०० हा विधी सेवा प्राधिकरणाचा हेल्पलाइन क्रमांक आहे. आधार कार्ड, नोंदलेला करार, बँकेचं पासबुक आणि ते मेसेज घेऊन जा.

ते कबूल झाले नाहीत, किंवा नुसतीच मान डोलावली आणि सही टाळली, तर त्याच आठवड्यात वकिलामार्फत नोटीस पाठवा. पोच मिळेल अशा टपालाने, आणि एक प्रत मेसेजवरही. नोटिशीत राग नको, शिव्याशाप नको, त्यांच्या नोकरीबद्दल एक अक्षर नको. करार कधी संपला, कोणत्या महिन्याचे किती थकले, किती दिवसांत घर मोकळं करावं, आणि न केल्यास दुप्पट भरपाईसह सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज केला जाईल, एवढंच. पोलिसांकडे "यांना बाहेर काढा" म्हणून जाऊ नका. थकलेलं भाडं हा दिवाणी वाद आहे, ते ताबा घेऊन देऊ शकत नाहीत. कोणी धमकावलं, मारहाण केली, तर गोष्ट वेगळी. तेव्हा जरूर जा.

हे पत्र भाडेकरूही वाचत असतील, तेव्हा त्यांच्याशी दोन शब्द. नोकरी जाणं हा गुन्हा नाही. पण नोकरी गेली त्या महिन्यात, भाड्याची तारीख उलटण्याच्या आधी, मालकाला सांगा. अर्धं जमत असेल तर अर्धं द्या, पाव जमत असेल तर पाव, आणि पावती मागा. पावती देणं मालकाचं कर्तव्य आहे. "डिपॉझिट आहेच की" या भरवशावर बसू नका. ते संपलं की तुमच्यापाशी नवं घर घ्यायला डिपॉझिटच उरत नाही, आणि मग निघायची इच्छा असूनही निघता येत नाही. या ताईंच्या भाडेकरूंचं नेमकं हेच झालं असावं, असं मला वाटतं. ताई, बोलताना तो प्रश्न त्यांना विचाराच: नवीन घरासाठी हाताशी काही आहे का? उत्तर "नाही" असेल, तर ते तुम्हाला टाळत नसून अडकून पडले आहेत. अशा वेळी पाच-दहा हजार डिपॉझिटमधून त्यांच्या हातात परत ठेवून घर लवकर मोकळं करून घेणं तुम्हालाच स्वस्त पडेल. एका महिन्याच्या भाड्यापेक्षा ते कमीच आहे. मात्र ती रक्कम किल्ल्या मिळाल्यावर द्या, आणि बँकेतून द्या.